काल्पनिक जगाचं कॅलेंडर: सारखे महिने की चंद्राचे?

दोन चंद्रांचं जग रचताना नकाशा, राजघराणी, देवदेवता यांवर आपण हौसेने मेहनत घेतो. मग एखादं पात्र सहज म्हणून जातं, 'गेल्या पौर्णिमेला भेटलो होतो', आणि हात थांबतो. कुठली पौर्णिमा? त्या दिवशी तारीख काय होती?

निव्वळ चांद्र वर्ष बहुतेकांच्या यादीतून लवकरच गळतं. हिजरी वर्षात सण साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतात. गोष्टीत पेरण्या आणि हिवाळ्यातल्या मोहिमा असतील, तर ते सांभाळणं जड जातं. उरतात दोन पर्याय: चंद्राकडे न बघणारे सारखे महिने, किंवा अधिक महिना घालून ऋतूंशी जुळवून घेणारं चांद्र-सौर पंचांग. मी दोन्ही एकाच जगावर लावून पाहिले. तिथे वर्ष ३८० दिवसांचं, दिवस आपल्याएवढाच. थोरला चंद्र एका अमावास्येपासून दुसरीपर्यंत २८.५ दिवस घेतो, धाकटा ९.

सारख्या महिन्यांचा हिशेब इथे फारच गोड बसतो. २० दिवसांचे १९ महिने, बाकी शून्य. आठवडा पाच दिवसांचा ठेवला की प्रत्येक महिन्याची पहिली तारीख एकाच वारी येते. वय, प्रवासाचे दिवस, वेढा किती काळ चालला, सगळं तोंडी. वाचकाला हे कृत्रिम वाटेल अशी भीती वाटत असेल, तर प्राचीन इजिप्तमध्ये ३० दिवसांचे १२ महिने आणि वर ५ दिवस हीच रीत होती. फ्रेंच क्रांतिकारकांनीही तसंच कॅलेंडर आणलं, फक्त आठवडा दहा दिवसांचा केला. १८०६ उजाडताना ते गुंडाळलं गेलं. (सातव्या दिवसाची सुट्टी दहाव्या दिवसावर गेली तर कोण खूश होणार?)

माझं घोडं अडलं ते रात्रींपाशी. समजा, चार माणसं पाचव्या महिन्याच्या १७ तारखेला, मध्यरात्री, चोरून नदी ओलांडताहेत. 'मिट्ट काळोख होता' हे वाक्य आपोआप येतं. पण होता का? वर्षारंभी अमावास्या धरली, तर हा वर्षाचा ९७ वा दिवस. ९६ दिवस उलटलेत, त्यातून तीन चांद्रमासांचे ८५.५ वजा केले की साडेदहा उरतात. म्हणजे शुक्ल पक्षातला, अर्ध्याहून बराच मोठा चंद्र. मध्यरात्री तो पश्चिमेकडे कललेला असणार आणि मावळायला पहाटेचे जवळजवळ तीन वाजणार. पलीकडच्या पहारेकऱ्याला होडीतली डोकी मोजता येतील. आता तारीख बदला, नाहीतर ढग आणा. ढग तरी किती वेळा आणणार?

रात्रीच्या प्रत्येक प्रसंगाला हीच वजाबाकी. तक्ता करून ठेवता येतो, मी केलाही. पण रंगात आलेला प्रसंग अर्धवट सोडून तक्ता उघडला की सूर गेलाच. कदाचित माझ्या गोष्टीत रात्रीच जास्त घडतं म्हणून मला हे टोचलं असेल. दरबारात, भर दिवसा चालणाऱ्या कथेत ते जाणवणारही नाही.

चांद्र-सौर पंचांगात ही वजाबाकी नाहीच, कारण तारीख म्हणजेच चंद्र. पौर्णिमा म्हटली की सूर्य मावळतीला आणि चंद्र उगवतीला. वद्य अष्टमी म्हटली की मध्यरात्रीपर्यंत अंधार, मग चंद्रोदय. मराठी वाचकाला हे समजावूनही सांगावं लागत नाही. शिवाय पात्रं आपोआप शहाणी होतात: ज्याला चोरून नदी ओलांडायची आहे, तो अमावास्येच्या आसपासचीच रात्र धरेल.

याची किंमत मोजावी लागते, ती अधिक महिन्याची. १३ चांद्रमासांचे दिवस होतात ३७०.५, म्हणजे वर्षाला साडेनऊ दिवस कमी. तीन वर्षांत बरोबर एक महिना साठतो, म्हणून दर तिसरं वर्ष १४ महिन्यांचं. महिने आलटून पालटून २८ आणि २९ दिवसांचे. दोन घटनांमधलं अंतर काढताना मध्ये अधिक महिना पडला का, हे बघावं लागतं आणि ते कंटाळवाणं आहे, नाकारत नाही. पण असं अंतर क्वचित काढावं लागतं. रात्र मात्र रोज होते.

आणि अधिक महिना कथेला केवढं खाद्य देतो! प्राचीन रोममध्ये जादा महिना कधी घालायचा हे धर्माधिकारी ठरवायचे आणि त्यात राजकारण शिरायचं. गोंधळ इतका साचला की ज्युलियस सीझरने तो निस्तरला, तेव्हा इ. स. पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं झालं. एखाद्याची सत्तेची मुदत एका महिन्याने वाढते, कुणाचं कर्ज महिनाभर लांबतं. हे सारख्या महिन्यांतून काढून दाखवा. त्यासाठी आकडेही फार सुबक नकोत. आपल्याच आकाशात १९ वर्षांत ७ अधिक महिने घालावे लागतात, तेही जेमतेम जुळतात. माझ्या २८.५ ला किंचित धक्का दिलात, तर काही पिढ्यांनी पंचांगकर्त्यांमध्ये वाद ठरलेलाच.

धाकट्या चंद्राला मात्र पंचांगात घेऊ नका. दोघांना एका महिन्यात कोंबू पाहणारे पुढे लिहिणंच सोडून देतात. त्याला शकुनापुरता ठेवा. इथे दोन्ही चंद्र एकदा एकदम पूर्ण दिसले की १७१ दिवसांनी पुन्हा दिसतात. जत्रा, शाप, राज्याभिषेक, काय हवं ते तिथे घाला.

मी सारख्या महिन्यांकडे वळेन असे दोन प्रसंग आहेत. एक, गोष्ट अनेक ग्रहांवर किंवा यानात चालते. मग कुणाचा चंद्र धरायचा हाच वाद. दोन, चंद्रच महिना मोजण्याजोगा नाही. मंगळाचा फोबोस साडेसात तासांच्या आसपास एक फेरी संपवतो आणि पश्चिमेला उगवतो. त्याच्यावर कसला महिना बसवणार? थॉमस गँगेल यांनी १९८५ मध्ये मंगळासाठी सुचवलेल्या कॅलेंडरात २७-२८ मंगळदिवसांचे २४ महिने आहेत आणि तिथे ते शोभतं.

बाकी पाय जमिनीवर असलेल्या, दिवे नसलेल्या जगासाठी चंद्राचं पंचांग घ्या असंच मी सुचवेन. वयाचा घोळ टाळायचा असेल, तर तिथल्या लोकांना वय वर्षांत मोजायला लावू नका, हिवाळ्यांत मोजू द्या. अधिक महिना आला काय नि गेला काय, हिवाळा वर्षाला एकच.