टोरांटोची लो-फ्लोअर ट्राम: रोजच्या प्रवाशाचा अभिप्राय

टोरांटोच्या नियमित फेऱ्यांवर आज धावणारी प्रत्येक ट्राम ‘फ्लेक्सिटी आउटलुक’ या एकाच प्रकारची आहे. सुमारे ३० मीटर लांबीची, पाच भाग सांधून केलेली, चार दरवाजांची आणि आत शिरल्यावर एकाही पायरीचा अडथळा नसलेली ही गाडी मी सेंट क्लेअर रस्त्यावरील ५१२ क्रमांकाच्या मार्गावर जवळजवळ रोज वापरतो. माझे मत आरंभीच सांगतो: गाडी उत्तम आहे, पण शहराने तिला द्यायला हवा तसा रस्ता अजून सगळीकडे दिलेला नाही. या मताला आधार हवा असेल तर हिच्या आधीच्या गाड्यांकडे पाहावे लागते, कारण नव्या गाडीचे बरेचसे गुण आणि काही मर्यादा दीडशे वर्षांहून जुन्या निर्णयांमधून आलेल्या आहेत.

येथील पहिली ट्राम १८६१ मध्ये घोड्यांनी ओढली. त्या वेळच्या करारानुसार सामान्य घोडागाड्यांची चाकेही रुळांवरून जाऊ शकली पाहिजेत अशी अट होती, आणि त्यातून १,४९५ मिलिमीटर हे विचित्र रुळांतर, म्हणजे दोन रुळांमधील अंतर, ठरले. प्रमाण रुळांतरापेक्षा ते ६० मिलिमीटरने जास्त आहे. घोडे १८९४ पर्यंत गेले, विजेची तार आली, १९२१ मध्ये सगळे मार्ग सार्वजनिक परिवहन आयोगाच्या ताब्यात आले, पण रुळांतर तेच राहिले. त्यामुळे टोरांटोला दुसऱ्या शहरासाठी बांधलेली ट्राम जशीच्या तशी कधीच विकत घेता येत नाही. रस्त्यांच्या कोपऱ्यांवरील वळणे फक्त ११ मीटर त्रिज्येची आहेत, काही ठिकाणी ८ टक्क्यांचा चढ आहे आणि मार्गाच्या टोकाला गाडी वळसा घेऊन परतते. या अटी पाळून संपूर्ण गाडीची जमीन खाली ठेवणे हे अभियंत्यांपुढचे खरे आव्हान होते, आणि ते पेलले गेले हे मला नव्या गाडीचे सर्वांत मोठे यश वाटते.

मधल्या काळाचे वैभव अमेरिकेत आखलेल्या ‘पीसीसी’ या प्रकारच्या गाड्यांचे होते. १९३८ पासून अशा एकूण ७४५ गाड्या शहराने घेतल्या. त्यांतल्या २०५ जुन्या होत्या, म्हणजे सिनसिनाटी, क्लीव्हलँड, बर्मिंगहॅम आणि कॅन्सस सिटी या अमेरिकी शहरांनी ट्राम बंद करताना विकलेल्या. इतर शहरे जे मोडीत काढत होती ते टोरांटो रंग देऊन रुळांवर आणत होते. तरीही १९६६ मध्ये येथेही १९८० पर्यंत ट्राम संपवण्याचे धोरण ठरलेच, आणि पहिली पाळी सेंट क्लेअरच्या मार्गावर, म्हणजे माझ्या आजच्या मार्गावर, येणार होती. स्टीव्ह मनरो यांच्यासारख्या तरुण नागरिकांनी समिती स्थापून आकडे मांडले, लोकप्रतिनिधींना पटवले, आणि नोव्हेंबर १९७२ मध्ये आयोगाने ट्राम ठेवण्याचा निर्णय घेतला. मी मुंबईचा असल्यामुळे हा प्रसंग मला विशेष भिडतो. आमच्याकडे ९ मे १८७४ रोजी सुरू झालेली ट्राम ३१ मार्च १९६४ रोजी कायमची थांबली आणि मागे ‘दादर टीटी’ (ट्राम टर्मिनस) एवढे नाव उरले. टोरांटोचा निर्णय त्यानंतर केवळ आठ वर्षांनी झाला. गाड्या त्या काळात दोन्ही शहरांत जुन्या झाल्या होत्या; येथे मात्र त्यांच्या जागी नव्या ट्रामगाड्याच मागण्याइतका नागरिकांचा आग्रह टिकला.

त्या आग्रहातून ‘सीएलआरव्ही’ गाड्या आल्या. सहा स्वित्झर्लंडमध्ये आणि १९० कॅनडातल्याच थंडर बे येथे बांधलेल्या या १९६ गाड्या १९७९ पासून धावू लागल्या; पुढे ५२ लांब जोडगाड्यांची त्यांत भर पडली. त्या दणकट होत्या, वेगाने उचल घेत, आणि त्यांचा लाल-पांढरा चेहरा शहराची ओळख बनला. परंतु दरवाजातच उंच पायऱ्या होत्या, त्यामुळे व्हीलचेअरवरील माणसाला त्या गाडीत प्रवेशच नव्हता आणि गुडघे दुखणाऱ्याला तो कष्टाने मिळत असे. वातानुकूलन नव्हते. दरवाजे आणि ब्रेक हवेच्या दाबावर चालत असल्यामुळे कडाक्याच्या थंडीत नळ्यांमधील ओल गोठून गाड्या बंद पडत. ओंटारियो प्रांताच्या २००५ च्या कायद्याने २०२५ पर्यंत सार्वजनिक सेवा सर्वांना वापरता येण्याजोग्या करण्याचे बंधन घातले, आणि ताफा बदलणे अपरिहार्य झाले.

२००९ मध्ये बॉम्बार्डिए या कंपनीकडे फ्लेक्सिटीच्या २०४ गाड्यांची मागणी नोंदवली गेली. पहिल्या गाड्या ३१ ऑगस्ट २०१४ रोजी स्पाडायना मार्गावर आल्या, पण त्यानंतरचा पुरवठा रखडला: २०१५ अखेर सत्तरहून अधिक गाड्या यायच्या होत्या, प्रत्यक्षात वीसही आल्या नव्हत्या. मेक्सिकोतील कारखान्यात घडवलेले भाग थंडर बे येथे जुळणीच्या वेळी नीट बसत नव्हते. पुढे २०१८ मध्ये पहिल्या ६७ गाड्यांच्या वेल्डिंगमध्ये दोष आढळला आणि त्या टप्प्याटप्प्याने क्विबेकमधील कारखान्यात दुरुस्तीसाठी पाठवाव्या लागल्या. दोनशेचारावी गाडी जानेवारी २०२० मध्ये पोहोचली. तोवर चाळिशी गाठलेल्या जुन्या गाड्यांनी सेवा ओढून नेली, आणि २९ डिसेंबर २०१९ रोजी क्वीन रस्त्यावर त्यांची शेवटची फेरी झाली, तेव्हा निरोप द्यायला लोक रस्त्याच्या कडेला उभे होते.

आता प्रत्यक्ष प्रवासाविषयी. माझी आई ऐंशीच्या घरात आहे आणि तिचे बालपण दादरला गेले. मागच्या उन्हाळ्यात ती येथे आली असताना सेंट क्लेअरच्या फलाटावरून एक पाऊल टाकून, कोणाचा हात न धरता, ती गाडीत शिरली आणि खिडकीजवळ बसून म्हणाली, “यात चढावं लागतच नाही.” या एका वाक्यात ताफा बदलण्याचे सगळे प्रयोजन आले असे मला वाटते. व्हीलचेअरसाठी दुसऱ्या दरवाजातून उतरती फळी बाहेर येते, बाबागाडी घडी न करता नेता येते आणि सायकलसाठीही जागा आहे. चारही दरवाजांतून चढता येते. दरवाजाजवळच्या यंत्राला ‘प्रेस्टो’ कार्ड लावले की झाले, आणि त्याच भाड्यात दोन तास कुठेही बदल करून फिरता येते. बारा वर्षांपर्यंतच्या मुलांना भाडे नाही.

उन्हाळ्यात वातानुकूलन समाधानकारक असते. गाडी थांबताना किंवा निघताना हिसका बसत नाही. आसनव्यवस्थेबद्दल मात्र मी समाधानी नाही. चाकांच्या वरची आसने उंचवट्यावर आहेत आणि बरीचशी समोरासमोर असल्याने उंच माणसांचे गुडघे एकमेकांना लागतात; आसनेही कठीण आहेत, आणि तासभराच्या प्रवासात ते जाणवते.

सेवेची खरी अडचण मात्र रस्त्यावर आहे. सेंट क्लेअर आणि स्पाडायना येथे ट्रामला स्वतंत्र मार्गिका असल्यामुळे गाडी मोटारींच्या गर्दीत अडकत नाही. क्वीन, डंडास आणि कॉलेज या रस्त्यांवर मात्र ३० मीटरची ही गाडी समोरची वाहने ओलांडून डावीकडे वळू पाहणाऱ्या एका मोटारीमागे (येथे वाहने उजव्या बाजूने चालतात) सिग्नल बदलेपर्यंत उभी राहते. त्याशिवाय रूळ जेथे फुटतात अशा प्रत्येक सांध्याजवळ चालकाला गाडी हळू करावी लागते, कारण येथील जुन्या पद्धतीच्या सांध्यांत एकाच बाजूला सरकती पट्टी असते आणि खालच्या जमिनीच्या गाडीला तेथे अधिक जपावे लागते. तिसरी गोष्ट साधी आहे, पण प्रवाशाला तीच सर्वाधिक बोचते: मोठ्या गाडीत जास्त माणसे मावतात म्हणून गाड्यांची संख्या कमी ठेवली की दोन फेऱ्यांमधील अंतर वाढते, आणि उणे पंधरा अंशांत थांब्यावर उभ्या असलेल्या माणसाला गाडीची क्षमता उपयोगी पडत नाही. २०२१ मध्ये आणखी ६० गाड्यांची मागणी नोंदवली गेली आणि २०२३ पासून त्या येऊ लागल्या, ही म्हणूनच मला मोलाची गोष्ट वाटते.

उपाय अज्ञात नाही. किंग रस्त्यावर बाथर्स्ट ते जार्विस या सुमारे २.६ किलोमीटरच्या पट्ट्यात नोव्हेंबर २०१७ मध्ये मोटारींच्या सरळ जाण्यावर निर्बंध आणले गेले; कामाच्या दिवशीचे प्रवासी ७२,००० वरून ८४,००० वर गेले आणि एप्रिल २०१९ मध्ये ती व्यवस्था कायम झाली. रूळ, तारा, गाड्या आणि चालक तेच होते. फक्त वाट मोकळी केली गेली, आणि ती नियम पाळवून मोकळी ठेवली जाते तेवढाच काळ तिचा लाभ मिळतो.

टोरांटोला भेट देणाऱ्यांनी ५१० किंवा ५०९ या मार्गांवरून तलावाच्या काठापर्यंत जावे. स्वतंत्र मार्गिकेत ही गाडी कशी धावते ते तेथे कळते. नंतर ५०१ ने क्वीन रस्त्यावर थोडा प्रवास करावा, म्हणजे मी वर केलेली तक्रार पटेल. जुन्या गाड्यांची ओढ असणाऱ्यांसाठी शहराच्या पश्चिमेला हॉल्टन काउंटीचे ट्राम संग्रहालय आहे. तेथे पीसीसीच्या आधीच्या पीटर विट, पीसीसी आणि सीएलआरव्ही या तिन्ही पिढ्यांच्या गाड्या जतन केल्या आहेत आणि त्यांतल्या काहींतून फेरीही मारता येते. मात्र तेथे ट्राम जात नाही, मोटार करूनच जावे लागते.