उमुआहियाचं युद्ध संग्रहालय: तोफा राहू द्या, पत्र्याचं काम बघा

नायजेरियात पोर्ट हारकोर्ट किंवा आबामध्ये नोकरीला असलेल्या आपल्या माणसांनी सुट्टीचा एक दिवस काढून उमुआहियाचं राष्ट्रीय युद्ध संग्रहालय बघून यावं. पाचपैकी साडेचार. अर्धा का कापला ते पुढे येईलच.

आधी माझी ओळख. मी मूळचा कोल्हापूरचा, उभी हयात शिरोली एमआयडीसीत फॅब्रिकेशनमध्ये गेली, आता इथे तेच करतो. त्यामुळे हा अभिप्राय इतिहासाच्या प्राध्यापकाचा नाही, वेल्डिंगचा गॉगल लावणाऱ्याचा आहे.

थोडं मागचं सांगावं लागेल. ३० मे १९६७ ला तिथले लष्करी गव्हर्नर ओजुक्वू यांनी नायजेरियाचा पूर्व भाग, म्हणजे मुख्यतः इग्बो लोकांचा मुलूख, वेगळा काढून बायफ्रा हा देश जाहीर केला. जुलैत युद्ध पेटलं, ते १५ जानेवारी १९७० ला संपलं. एनुगू पडल्यावर राजधानी उमुआहियात आली. १९६९ च्या एप्रिलमध्ये उमुआहियाही पडलं. ज्या तळघरातून बायफ्राचं रेडिओ केंद्र चालायचं, त्याच आवारात १९८५ साली हे संग्रहालय उघडलं. तारीखही १५ जानेवारीच.

आत तीन दालनं आहेत: जुन्या काळची भाले-धनुष्यांची लढाई, नायजेरियाची सैन्यदलं आणि यादवी युद्ध. पहिलं दालन भराभर आटपा. दुसऱ्यात जरा रेंगाळा, कारण तिथे आपल्याला विचारण्यासारखं काहीतरी आहे. या देशाची लष्करी प्रबोधिनी १९६४ साली कडुनात सुरू झाली ती भारतीय लष्कराच्या मदतीनं, आणि तिचे पहिले कमांडंट होते आपले ब्रिगेडियर एम. आर. वर्मा. आमच्या वर्कशॉपचा इग्बो फोरमन सोबत होता. त्याला हे सांगितलं तर म्हणाला, "ओगा (म्हणजे साहेब), म्हणजे त्यांना शिकवलंत तुम्ही, आणि भोगलं आम्ही." हसत म्हणाला, पण म्हणाला.

खरा माल बाहेर अंगणात उभा आहे. बायफ्राच्या चिलखती गाड्या, 'रेड डेव्हिल'. समोरच्या केंद्रीय फौजेकडे ब्रिटिश बनावटीच्या सॅलडिन आणि फेरेट होत्या. सॅलडिनला सहा चाकं आणि ७६ मिलिमीटरची तोफ. बायफ्राची समुद्राकडून नाकेबंदी झालेली, विकत आणायची सोय नाही. मग जे हाताशी होतं त्यावर पत्रा चढवून यांनी आपल्या गाड्या आपणच केल्या.

मी त्या गाडीभोवती बराच वेळ फिरलो. फोरमन सावलीत जाऊन बसला. वाहन म्हणून बघाल तर ही गाडी नापासच. एवढं वजन लादल्यावर ती हळू चालणार, चिखलात रुतणार, हे चासीवर काम केलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. ड्रायव्हरला बघायला फटी तेवढ्या. बाजूनं कोण आलं ते कळायचं नाही. आणि इथलं ऊन! दुपारी पत्र्यावर तळहात टेकवून बघा, म्हणजे आतल्या माणसाचं काय होत असेल ते कळेल. रणगाडाविरोधी माऱ्यापुढे या गाड्या टिकल्या नाहीत, याची नोंद इतिहासातही आहे. पण काम म्हणून बघा. सुट्या भागांची वानवा, बाहेरचा माल बंद, डोक्यावर विमानं, आणि तरी कुणीतरी जाड पत्रा मापात कापून, कोनाला कोन लावून उभा केलाय. आमच्याकडे ऑर्डर पंधरा दिवस आधी मिळाली तरी रडारड असते.

अहिल्यानगरचं रणगाडा संग्रहालय मी पाहिलंय. तिथला संग्रह मोठा आणि देशोदेशीचा, पण सगळा कारखान्यातून बाहेर पडलेला. इथे करणाऱ्याचा हात दिसतो.

याच्या उलट गोष्ट 'ओगबुनिग्वे'ची. बादलीच्या आकाराचा हा सुरुंग 'ओजुक्वूची बादली' म्हणूनच ओळखला जायचा. गॉर्डियन एझेक्वे यांच्यासारखे अभियंते-शास्त्रज्ञ ज्या संशोधन आणि उत्पादन विभागात होते, तिथे तो तयार झाला. दिसायला रेड डेव्हिलसारखा रुबाब नाही, पण मैदानात केंद्रीय फौजेनं धसका घेतला तो याचा. त्याचे अग्निबाणासारखे उडणारे प्रकारही होते. गाईड ३१ मार्च १९६८ च्या अबागानाच्या हल्ल्याचं वर्णन करेल, शंभराहून जास्त गाड्यांचा ताफा तिथे उद्ध्वस्त झाला. ऐकताना आजूबाजूला बघा. ऐकणाऱ्यांचे चेहरे एकसारखे नसतात.

विमानांपाशी 'बायफ्रा बेबी'चा विषय निघतोच. स्वीडनचा काउंट फॉन रोझेन बायफ्राच्या मदतीला पाच छोटी प्रशिक्षण विमानं घेऊन आला, त्यांना रॉकेटं लावली आणि मे १९६९ मध्ये पोर्ट हारकोर्टच्या विमानतळावर हल्ला चढवला. मी रोज ज्या शहरात कामावर जातो तेच हे पोर्ट हारकोर्ट, त्यामुळे जरा विचित्र वाटलं.

नौदलाची 'बॉनी' ही युद्धनौकाही आवारात आणून ठेवली आहे. समुद्र इथून किती लांब ते नकाशात बघा, म्हणजे हसू येईल.

आता कापलेला अर्धा गुण. तो संग्रहालयाचा दोष नाही, माझीच हाव. रेड डेव्हिलचं बॉनेट उघडून आतलं इंजिन, खालचे पाटे आणि एक्सल बघायला मिळावेत असं वाटत राहिलं. ते होणे नाही.

जाणाऱ्यांसाठी थोडं: सकाळी लवकर पोहोचा, टोपी न्या, फोटो काढण्याआधी विचारा. गाईड घ्याच, त्याच्याशिवाय ती नुसती गंजकी यंत्रं वाटतील. शाकाहारी असाल तर वाटेत अकारा मागा, चवळीचे वडे असतात, गरम असताना उत्तम. मोई-मोई दिसायला शाकाहारी, पण आत बरेचदा अंडं किंवा मासा निघतो. ओजुक्वूंचं भूमिगत ठाणं शहरात वेगळ्या ठिकाणी, पूर्व भागाचे माजी पंतप्रधान (प्रीमियर) मायकेल ओकपारा यांच्या घराखाली आहे. गुडघे दुखत असतील तर जिने लक्षात घ्या.

आणि मुलं लहान असतील तर युद्धातल्या उपासमारीच्या फोटोंपाशी त्यांना नेऊ नका. घरातल्या एकानं त्यांना घेऊन तेवढा वेळ 'बॉनी'पाशी थांबावं.