कांदाचाळीतला सेन्सर: थेट फायरबेस की एमक्यूटीटीची वाट?

निफाड तालुक्यातल्या मामांच्या चाळीत मी दोन्ही वाटा वापरल्या. पहिल्या हंगामात ईएसपी३२ या वायफायवाल्या छोट्या कंट्रोलरवरून थेट फायरबेसच्या (गूगलची क्लाउड सेवा) रिअलटाइम डेटाबेसमध्ये नोंदी टाकल्या. दुसऱ्या हंगामात एमक्यूटीटीनं (यंत्रांचे छोटे निरोप पोचवायची पद्धत) ॲमेझॉनच्या क्लाउडमधल्या एडब्ल्यूएस आयओटी कोअरकडे आणि तिथल्या रूलमधून, म्हणजे आलेल्या निरोपाचं काय करायचं ते सांगणाऱ्या नियमातून, डायनॅमोडीबी या डेटाबेसमध्ये. चाळीतल्या कांद्याला २५ ते ३० अंश तापमान आणि ६५ ते ७० टक्के आर्द्रता मानवते. पण पावसाळ्यात बाहेरची हवाच त्याहून दमट, म्हणून मी ८० टक्क्यांची मर्यादा धरली. ती ओलांडली की नोंद, एरवी काही नाही.

बसवायला फायरबेस कितीतरी सोपं. एका संध्याकाळी काम झालं. नोंद पोस्ट करून पाठवली, तर प्रत्येक नोंदीला वेगळी 'की' (ओळखखूण) आपोआप मिळते, जुनी नोंद पुसली जात नाही. फक्त टेस्ट मोडचे, म्हणजे सुरुवातीला सगळ्यांना खुले असलेले नियम ३० दिवसांनी संपतात, तेवढं आधीच बदलून घ्या. दुसऱ्या वाटेला मला दोन रविवार लागले: यंत्राची ओळख पटवणारं सर्टिफिकेट आणि प्रायव्हेट की, त्याला काय करता येईल ते ठरवणारी पॉलिसी, रूल, रूलला परवानगी देणारा रोल. रूलला एरर ॲक्शन (रूल फसला तर काय करायचं ते) जोडायला विसरू नका, नाहीतर नोंद का पडत नाही हे शोधण्यात दिवस जातो. एक फायदा मात्र लगेच जाणवला. ८० चं ८५ करायचं तर रूलमधली एक ओळ घरबसल्या बदलते. पहिल्या हंगामात त्यासाठी लॅपटॉप घेऊन चाळीवर जावं लागलं होतं. मर्यादा डेटाबेसमधून वाचण्याची सोय कोडमध्ये करता आली असती, हे खरं.

माझा निर्णय झाला तो वेगळ्याच गोष्टीवर. श्रावणात चार दिवस एकही नोंद आली नाही. उघडीप होती, म्हणून मी निश्चिंत. रविवारी फोन केला तर मामा म्हणाले, "अरे, तुझ्या डबीचा दिवा कधीचा गेलाय. कुणीतरी तिचा चार्जर काढून मोबाइल लावलाय." मधल्या कप्प्यातले कांदे हाताला ओलसर लागत होते, काहींवर काजळी धरलेली. घटना घडली तरच लिहायचं म्हटलं, की "सगळं ठीक आहे" आणि "यंत्र बंद आहे" या दोन्हींची नोंद एकच: काहीच नाही. ही गोष्ट मला फार लागली.

एमक्यूटीटीत यावर सोय आहे, लास्ट विलची. जोडणी करतानाच यंत्र ब्रोकरकडे (निरोप पोचवणारा सर्व्हर, इथे आयओटी कोअर) एक निरोप ठेवतं: मी न सांगता गेलो तर हा पाठव. कीप-अलाइव्ह, म्हणजे यंत्रानं किती वेळात काहीतरी कळवायचं तो अवधी, ६० सेकंद ठेवला, तर दीडपट, म्हणजे ९० सेकंद शांतता झाली की निरोप सुटतो. त्या निरोपाच्या टॉपिकवर (निरोपाचा पत्ता) दुसरा रूल लावला की त्याच टेबलात "बंद" अशी नोंद पडते. एसएनएस ही एडब्ल्यूएसची सूचना पाठवणारी सेवा जोडली तर ईमेलही येतो. निरोपात यंत्राची वेळ घालू नका, तो जोडणीच्या वेळीच लिहिलेला असतो. रूलमधलं टाइमस्टॅम्प फंक्शन (त्या क्षणाची वेळ देणारं) वापरा आणि तेच सॉर्ट की (नोंदीच्या ओळखीचा दुसरा भाग) करा. नोंदीची की तीच राहिली तर डायनॅमोडीबीत नवी नोंद जुनीवर बसते.

लाइट गेली किंवा वायफाय तुटलं तरी हाच निरोप येतो, कारण कळत नाही. मला ते चालतं. फोन करून विचारता येतं.

थेट लिहूनही दर तासाला "मी आहे" अशी नोंद टाकता येईल. पण ती चुकली हे तपासणारं काहीतरी पुन्हा क्लाउडमध्ये बसवावंच लागतं, मग सोपेपणा फारसा उरत नाही. बॅटरीवरचा, डीप स्लीपमध्ये (वीज वाचवणाऱ्या झोपेत) जाणारा सेन्सर असेल तर मात्र मी थेट फायरबेसच सुचवेन, सोबत ती तासाची नोंद. झोपण्याआधी यंत्र रीतसर सांगून जोडणी तोडतं, त्यामुळे तिथे लास्ट विल सुटतच नाही.

चाळीत वायर पोचलेली असेल, तर माझ्या मते दोन रविवार जाऊ द्यावेत. यंदा मामांच्या दुसऱ्या चाळीतही मी एमक्यूटीटीचीच डबी लावतोय.