क्रोनो ट्रिगर (पीसी): सहा काळ, आणि मागे फिरवता न येणारं घड्याळ

कालप्रवासाच्या बहुतेक गोष्टींत एक पळवाट असते. काही बिघडलं की ते बिघडायच्या आधी जाऊन पोचायचं आणि सगळं पुसून टाकायचं. क्रोनो ट्रिगरमध्ये खेळणाऱ्याला ती पळवाट मिळत नाही. जपानच्या स्क्वेअर कंपनीचा १९९५ चा हा रोल-प्लेइंग गेम आज विकत घ्यावा असं म्हणण्याचं पहिलं कारण तेच.

इ.स.पू. ६ कोटी ५० लाख, इ.स.पू. १२०००, इ.स. ६००, १०००, १९९९ आणि २३०० असे सहा काळ आहेत. तुम्ही दुसरीकडे असताना यातला कुठलाच काळ थांबून राहत नाही. इ.स. ६०० सोडून १००० मध्ये काही कामं उरकलीत आणि परत ६०० मध्ये आलात, तर मागच्या भेटीनंतरचंच जग दिसतं, आधीचं कधीच नाही. म्हणजे सगळे प्रवाह शेजारी शेजारी, एकाच वेगाने पुढे सरकतात. वरच्या प्रवाहात टाकलेलं खाली वाहत येतं, पण टाकायची वेळ गेली की गेली.

हे सगळ्यात सुंदर दिसतं ते मून स्टोनच्या कामात. २३०० मधल्या सन पॅलेसमधून हा निस्तेज दगड मिळतो. तो इ.स.पू. ६ कोटी ५० लाखमधल्या सन कीपमध्ये ठेवायचा आणि कोट्यवधी वर्षं उन्हात तापू द्यायचा. मग सरळ २३०० मध्ये जाऊन उचलायला गेलात तर जागा रिकामी. मधले काळ तपासत यावं लागतं: ६०० मध्ये दगड आहे, १००० मध्ये नाही. पोर गावच्या मेयरने तो घरी नेऊन ठेवलाय, आणि तो इतका चिक्कू की दगड आपल्याकडे आहे हे कबूलही करत नाही. उपाय चारशे वर्षं मागे आहे. १००० मधल्या पोरच्या स्नेल स्टॉपमध्ये ९,९०० जीला (जी हे गेममधलं चलन) सुकवलेलं मांस घ्या. ६०० मध्ये त्याच घराण्यातली बाई ते १०,००० जीला मागते. इथे बरेच जण फसतात, कारण शंभर जीचा नफा समोर दिसतो. पैसे न घेता देऊन टाका. आपल्या मुलांनाही असंच दिलदार करीन, असं ती म्हणते, आणि १००० मधला मेयर बदललेला असतो. दगड स्वतःहून हातात ठेवतो. मग दगड १००० मधल्या सन कीपमध्ये परत ठेवायचा आणि २३०० मध्ये उचलायचा. माणसाचा स्वभाव पिढ्यांतून झिरपत जातो हे एवढ्या छोट्या व्यवहारात दाखवणारा दुसरा गेम सहज आठवत नाही.

हाच नियम मोहोरबंद पेट्यांना लागू आहे, आणि इथे घाई महागात पडते. इ.स.पू. १२००० मध्ये साथीदार मार्लचं पेंडंट भारून झालं की या काळ्या पेट्या उघडता येतात. ६०० मध्ये पेंडंट चमकतं आणि आतली वस्तू काढायची का असं विचारलं जातं. नाही म्हणा. १००० मध्ये जाऊन तीच पेटी उघडा. व्हेस्ट या चिलखताऐवजी चारशे वर्षांत मुरलेलं, जास्त भक्कम मेल चिलखत मिळतं. मग ६०० मध्ये परत येऊन मूळ व्हेस्टही घ्या. उलट क्रमाने गेलात तर १००० मधली पेटी रिकामी. ब्लॅक ओमेन या आकाशात तरंगणाऱ्या किल्ल्याचंही तसंच: इ.स.पू. १२००० मध्ये ते पाडलं की पुढच्या काळांतूनही नाहीसं होतं. तिन्ही काळांत तिथे खेळायचं असेल तर आधी १०००, मग ६००, शेवटी इ.स.पू. १२०००.

आणखी एक नेमका नियम: चार किंवा जास्त जण एकदम गेटमधून, म्हणजे काळांना जोडणाऱ्या दारातून, गेले तर ते हव्या त्या काळात न जाता काळाच्या टोकाला जाऊन पडतात. पार्टी (एकत्र फिरणारा चमू) तिघांचीच का, याला कथेतच कारण दिलंय. ते फार आवडतं.

लढाईतही प्रत्येकाचा वेळ वेगळा भरतो. नायक क्रोनोचं सायक्लोन आणि साथीदार फ्रॉगचं स्लर्प कट या दोन खास डावांचा (टेक) मिळून एक्स-स्ट्राइक होतो, पण त्यासाठी दोघांच्याही वेळेच्या पट्ट्या भरलेल्या लागतात. म्हणजे एकाला मुद्दाम थांबवून ठेवायचं. शत्रू सतत जागा बदलतात. सायक्लोन गोलात लागतं, म्हणून ते जवळ आले की मारा. नवख्याने सेटिंगमध्ये ‘वेट’ ठेवावं, टेक किंवा वस्तू निवडताना शत्रू थांबतात.

पीसी आवृत्ती फेब्रुवारी २०१८ मध्ये आली ती वाईट अवस्थेत: पुसट फिल्टर लावलेली चित्रं, मोबाइलवरून उचललेले मोठाले मेनू. त्याच वर्षीच्या अपडेट्सनी बरंच सुधारलं. सुरू केल्याबरोबर सेटिंगमध्ये मूळ ग्राफिक्स निवडा आणि शक्यतो गेमपॅड वापरा. मोबाइलवर लढाया ठीक चालतात, पण २३०० मधली जॉनीची मोटारसायकल शर्यत बोटाने खेळणं त्रासाचं आहे. निन्टेन्डो डीएस आवृत्तीपासून जोडलेलं लॉस्ट सँक्टम हे जादा ठिकाण टाळलंत तरी चालेल. दोन काळांत निरोप आणि सामान पोचवत एकच डोंगर पुन्हा पुन्हा चढायचा. मूळ गेमचं कसब त्यात नाही.

मुख्य कथा २० ते २५ तासांची आहे. इ.स.पू. १२००० मधल्या नॉर्थ केपला जाण्याआधी मात्र वेगळ्या स्लॉटमध्ये सेव्ह करा, ऑटोसेव्हवर विसंबू नका. तिथे एका व्यक्तीशी लढायचं का, असं विचारतात. हो म्हणालात तर सातवा साथीदार त्या खेळात परत मिळत नाही.