पु.ल. की लक्ष्मण देशपांडे, खान्देशातल्या कॉमेडीवाल्याने कुठली वाट धरावी?

धुळे-जळगावकडची बरीच पोरं सध्या अहिराणी कॉमेडी स्वतःच लिहितात आणि स्वतःच करतात, मग कधीतरी प्रश्न येतोच की यूट्यूब, स्टेज, रेडिओ, सिनेमा सगळीकडे हात मारायचा की एकच काम घट्ट धरायचं. ज्याचं अजून ठरत नाहीये त्याने हे दोन देशपांडे शेजारी ठेवून बघावेत.

पु.ल. सगळीकडे होते. १९५३ च्या 'गुळाचा गणपती'त पटकथा त्यांची, संगीत त्यांचं, दिग्दर्शन त्यांचं आणि हिरोही तेच. नंतर आकाशवाणीत नोकरी, दिल्लीत टीव्ही सुरू झाला तेव्हा तिथेही. पण मला विचाराल तर शिकायचं 'बटाट्याची चाळ'कडून, पुस्तक आलं १९५८ ला आणि एकपात्री १९६१ ला, म्हणजे मजकूर आधी कागदावर पक्का झाला, लोकांनी वाचला, मगच तो स्टेजवर चढला.

लक्ष्मण देशपांडे औरंगाबादला विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवायचे. 'वऱ्हाड निघालंय लंडनला' १९७९ पासून, बावन्न पात्रं, तीन तास, माणूस एकटाच आणि बोली अस्सल मराठवाड्याची. ते २००९ ला गेले, आता संदीप पाठक तो प्रयोग करतात आणि लोक अजून तिकीट काढून जातात.

आता माध्यमाचा फरक बघा. समजा सासरा जावयाला विचारतो, "पाव्हना, कथा जाई ऱ्हायनात?" (पाहुणे, कुठे चाललात?) स्टेजवर हे बोलून थांबावं लागतं, हशा पुढून सुरू होऊन मागच्या खुर्च्यांपर्यंत जातो आणि तो ओसरायच्या आत पुढचं वाक्य टाकलं की ते वाया गेलंच समजा. रीलमध्ये तेवढंच थांबलात तर समोरचा अंगठ्याने पुढे गेलेला असतो, तिथे लगेच जावयाच्या चेहऱ्यावर कट मारायचा. रेडिओवर चेहराच नाही, सासरा आणि जावई नुसत्या आवाजातून वेगळे कळले पाहिजेत.

यूट्यूबचा फायदा खरा आहे, सुरत, नाशिक, पुण्यात कामाला गेलेली आपली माणसं तिथेच भेटतात. पण दर आठवड्याला नवीन द्यायच्या नादात दोन मिनिटांचा तुकडा दोन मिनिटांचाच राहतो, त्यातलं पात्र वाढतच नाही, आणि बोलीतल्या विनोदात खरी मजा पात्राचीच असते ना भाऊ.

म्हणून सुरुवातीला मी लक्ष्मणरावांची वाट निवडायला सांगेन. आपल्या अहिराणीत किंवा जळगावकडच्या तावडी बोलीत एक तासाचा एकपात्री लिहा, अगदी कागदावर लिहा, गणपतीत गल्लीच्या मंडळापुढे करा, नंतर यात्रेत, मग नाशिकला अशा लोकांपुढे करा ज्यांना ही बोली अर्धीच कळते. तिथेही जी पात्रं हसवतील तीच घेऊन चॅनेल काढा, पु.लं.सारखं चार ठिकाणी जायचं ते त्यानंतर.