५ लाखाला जामीन राहिलो, नोटीस आली १७ लाखाची

चुलत बहिणीच्या नवऱ्याचं, आमच्या दाजींचं, हार्डवेअरचं दुकान. २०१७ ला त्यांनी तालुक्यातल्या एका पतसंस्थेकडून ५ लाखाची सीसी (कॅश क्रेडिट, म्हणजे ठरलेल्या लिमिटपर्यंत लागेल तसे पैसे उचलायचं कर्ज) काढली, जामीनदार मी. झेडपीत मास्तर आहे, पगारपत्रक चालतं, त्यामुळे पाहुण्यारावळ्यात कुणाचंही कर्ज निघालं की पहिला फोन कुणाला येतो ते शिक्षक मंडळींना सांगायला नको. ते ५ लाख आणि त्याचं व्याज, याला मी बांधील आहे, त्यावर वाद नाहीच.

पण सहकार खात्याच्या उपनिबंधक ऑफिसातून सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ ची, म्हणजे थकबाकी वसुलीची, जी नोटीस आली ती १७ लाखाची. दाजींना फोन केला तर म्हणाले, "पाहुणं, टेन्शन घेऊ नका, चेअरमन आपलाच माणूस आहे, ही नुसती फॉर्मॅलिटी असते." त्यानंतर फोन बंद.

मी तारखेला हजर राहून लेखी अर्ज देऊन सगळ्या कागदांच्या नकला मागितल्या आणि तिथे कळलं की २०१९ ला लिमिट ५ चं १२ लाख केलंय आणि त्याला माझं संमतीपत्र जोडलंय, सहीसकट! सही इंग्रजीत. मी नोकरीला लागल्यापासून मस्टरवर काय आणि बँकेत काय, मराठीतच सही करतो. फोटो तर २०१७ च्या फॉर्मवरचाच झेरॉक्स करून चिकटवलेला, जुन्या गोल शिक्क्याचा अर्धा भाग कानावर तसाच दिसतोय. हे एकट्या दाजींचं काम नाही, आतल्या कुणीतरी डोळेझाक केल्याशिवाय असला कागद फाईलला लागत नाही.

वकिलांनी पहिल्याच दिवशी एक गोष्ट साफ सांगितली. "आधी कर्जदाराकडून वसूल करा, मग माझ्याकडे या" हा मुद्दा चालत नाही. करार कायद्याच्या कलम १२८ ने जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच, आणि १९६८ पासून सुप्रीम कोर्ट हेच सांगतंय. आमचा मुद्दा कलम १३३ चा, म्हणजे जामीनदाराला न विचारता कराराच्या अटी बदलल्या तर त्यानंतरच्या व्यवहाराला तो बांधील नाही. २०२२ ला गुजरातच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने मूळ लिमिटपुरतेच जामीनदार धरले, वर उचललेल्या पैशाला नाही. फक्त आपलं हमीपत्र नीट वाचा, त्यात "१३३ वगैरे कलमांचे हक्क सोडत आहे" असं बारीक छापलेलं असलं तर केस अवघड होते. माझ्या नशिबाने नव्हतं.

तरी वसुली दाखला पूर्ण रकमेचा निघाला. १०१ ची चौकशी संक्षिप्त असते, सही खरी की खोटी यात ते शिरत नाहीत. मग त्याच सहकार कायद्याच्या कलम १५४ खाली विभागीय सहनिबंधकांकडे रिव्हिजन (फेरतपासणीचा अर्ज), आणि खरी मेख तिथे आहे, अर्ज ऐकून घ्यायलाच येणे रकमेच्या ५० टक्के आधी संस्थेत भरायचे! म्हणजे खोट्या सहीच्या विरोधात बोलायचं तर आधी साडेआठ लाख त्यांच्याच हातात द्यायचे. पीएफ काढला, बायकोचे दागिने गहाण टाकले, भरले. दरम्यान वसुली अधिकाऱ्याचं पगार कपातीचं पत्र मुख्याध्यापकांच्या टेबलावर पोचलेलं, सगळ्या स्टाफला कळलं. आता वसुलीला स्टे आहे, पोलिसात बनावट सहीची तक्रार दिलीय, रिव्हिजनची सुनावणी चालू आहे.

मोठ्या बँकेचं कर्ज असेल आणि तुमचं घर तारण असेल तर रस्ता वेगळा. तिथे सरफेसीची (बँकांना तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) ६० दिवसांची नोटीस येते, त्यालाच लेखी हरकत द्या, आणि ताब्याची कारवाई झाली की ४५ दिवसांत डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) जावं लागतं.

अजून एक, पैसे भरायची वेळ आलीच तर पावतीवर "जामीनदार म्हणून, हरकत राखून" असं लिहून घ्या आणि चेकनेच भरा. माझ्या पावतीवर क्लार्कने आधी कर्जदाराचं नाव टाकलं होतं, मी काउंटरवरून हललो नाही, बदलून घेतली. उद्या दाजींवर करार कायद्याच्या कलम १४५ खाली वसुलीचा दावा लावायचा तर तीच पावती लागणार आहे.