लायसनवर माहेरचं नाव आहे? मग हरवायच्या आधी हे वाचा

गौरी विसर्जनाचा दिवस, २ सप्टेंबर २०२५. सानेगुरुजी वसाहतीतल्या एका आजोबांचं ड्रेसिंग उरकून मी राजारामपुरीकडे निघाले होते. पाऊस चांगलाच लागला होता. वाटेत पेट्रोल भरलं, रेनकोटच्या खिशातून पाकीट काढून पैसे दिले आणि पाकीट परत ठेवलं, असं मला वाटलं. पुढच्या पेशंटच्या दारात गाडी लावून बघते तर खिसा रिकामा. सातशे रुपये, एटीएम कार्ड आणि लायसन, तिन्ही गेलं. बँकेला फोन करून एटीएम दहा मिनिटांत बंद केलं. लायसनचं काम मात्र दीड महिना चाललं. त्या दीड महिन्यात जे कळलं ते आधीच कुणी सांगितलं असतं तर बरं झालं असतं, म्हणून सविस्तर लिहिते.

मी नर्स आहे. हॉस्पिटलची नोकरी सोडून आता घरोघरी जाते: ड्रेसिंग, इंजेक्शन, कॅथेटर बदलणं, इन्सुलिन कसं घ्यायचं ते शिकवणं. कोल्हापुरात रोज पंचवीस-तीस किलोमीटर स्कूटर चालते. गाडी थांबली तर माझं काम थांबतं, आणि कुणाची तरी जखम तशीच राहते.

दुसऱ्या दिवशी ओळखीतून एका एजंटाचा नंबर मिळाला. तो म्हणाला, "वहिनी, साडेतीन हजार द्या, पाचशेचा स्टॅम्प आणा, बाकी मी बघतो. जसं होतं तसं डुप्लिकेट हातात मिळेल." त्याचं हे 'जसं होतं तसं' तेव्हा माझ्या लक्षात आलं नाही, ते पुढे सांगते. स्टॅम्पचं मात्र खटकलं. मुलीच्या उत्पन्नाच्या दाखल्याच्या वेळी मला कळलं होतं की सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला महाराष्ट्रात २००४ पासून मुद्रांक शुल्क माफ आहे, साध्या कागदावर चालतं. पहिल्याच वाक्यात पाचशे रुपये विनाकारण खर्च करायला सांगणाऱ्या माणसाच्या हातात माझी कागदपत्रं द्यावीशी वाटेनात. मी नको म्हणून सांगितलं.

मग पोलीस ठाण्यात गेले. तिथे पहिला प्रश्न आला, "ताई, चोरी झाली की गहाळ झालं?" हा प्रश्न नीट ऐकून उत्तर द्या. चोरी म्हटलं की गुन्हा दाखल होतो, तपास लागतो. हरवलं असेल तर गहाळ झाल्याची नोंद होते आणि तिची प्रत मिळते. डुप्लिकेट लायसनसाठी ती पुरते. माझं पाकीट माझ्याच हातून पडलं होतं, मी तसंच सांगितलं. अर्ध्या तासात शिक्का मारलेली प्रत हातात होती. मुंबई-पुण्यात ही नोंद पोलिसांच्या वेबसाइटवरूनही करता येते.

आता मुख्य काम. केंद्र सरकारच्या परिवहन सेवेचं 'सारथी' नावाचं पोर्टल आहे, लायसनची सगळी कामं तिथून होतात. मार्च २०२१ पासून आधारच्या ओळखीवर घरबसल्या होणाऱ्या सेवांमध्ये डुप्लिकेट लायसनही आहे. आरटीओत पाय ठेवावा लागत नाही, कार्ड पोस्टाने घरी येतं. रात्री स्वयंपाक आवरून मोबाइल घेऊन बसले, तर सुरुवातीलाच लायसन नंबर हवा.

नंबर कुणाला पाठ असतो? माझ्याकडे होती एक झेरॉक्स. स्कूटर घेताना शोरूमला दोन प्रती दिल्या होत्या, त्यातली उरलेली एक विम्याच्या कागदांत सापडली. तिची घडी नेमकी नंबरावरून गेलेली, आणि घडीवरची शाई उडालेली. पण या नंबराची एक रीत असते. आधी राज्य, मग आरटीओचा आकडा, मग लायसन काढलं ते वर्ष आणि शेवटी सात आकडे. माझं सांगलीचं, म्हणजे एमएच १०. वर्ष २००६, ते मी विसरणं शक्यच नाही. शेवटचे सात आकडे घडीच्या पलीकडे स्वच्छ होते. घडीत गेलं होतं फक्त वर्ष, आणि ते मला माहीत होतं. नंबर टाकला, जन्मतारीख टाकली, माहिती समोर आली.

तिथे माझं माहेरचं नाव होतं.

लायसन काढलं तेव्हा मी मिरजेत होते. बाबा मला त्यांच्या लूनावर मागे बसवून सांगलीच्या आरटीओत घेऊन गेले होते. आठाच्या आकड्यात गाडी फिरवून दाखवताना माझा पाय टेकला नाही, याचं त्यांना इतकं कौतुक की येताना भडंग घेऊन दिलं. २००७ ला लग्न झालं. पुढे आधार, पॅन, बँक, रेशन कार्ड सगळीकडे सासरचं नाव लागलं. लायसन तेवढं तसंच पाकिटात राहिलं. अठरा वर्षांत ते बदलायचं कुणी सुचवलं नाही आणि माझ्याही डोक्यात आलं नाही. आपल्याकडे अशा किती जणी असतील, विचार करा.

आधारवर एक नाव आणि लायसनवर दुसरं, मग घरबसल्याच्या वाटेने मी जाणार कशी? मशीनच्या दृष्टीने त्या दोन वेगळ्या बायका. डिजिलॉकर, म्हणजे सरकारी कागदपत्रं मोबाइलवर ठेवायचं सरकारी ॲप, त्यात लायसन घ्यायला गेले, तिथेही नावापाशीच अडलं. त्यात पोर्टलचा दोष नाही, नावं खरोखरच वेगळी आहेत. पण त्या रात्री मला रडू आलं, हे सांगते.

दुसऱ्या दिवशी आमच्या भागातल्या महा-ई-सेवा केंद्रात गेले. पाटी अगदी साधी, आत दोन कॉम्प्युटर, एक प्रिंटर आणि पंचविशीच्या आतली एक मुलगी. या मुलीसाठी मी पाचपैकी पाच देते. तिने माझं सगळं ऐकून घेतलं, स्क्रीनवरची माहिती वाचली आणि विचारलं, "ताई, तुमची मुदत कधी संपते बघितलंत का?"

मी बघितलीच नव्हती. २००६ साली लायसन वीस वर्षांसाठी किंवा पन्नाशीपर्यंत, जे आधी असेल तोवर मिळायचं. माझं ऑगस्ट २००६ चं, म्हणजे ऑगस्ट २०२६ ला संपणार. डुप्लिकेट काढलं तरी त्यावर मुदत जुनीच येते. एजंटाचं 'जसं होतं तसं' ते हेच. साडेतीन हजार देऊन मला माहेरच्या नावाचं, मिरजेच्या पत्त्याचं आणि अकरा महिन्यांत संपणारं कार्ड मिळालं असतं, आणि पुढच्या वर्षी पुन्हा हाच फेरा.

मुदत संपायच्या आधी एक वर्ष रिन्यूचा अर्ज करता येतो. तिने सारथीवर एकाच अर्जात चार खुणा केल्या: डुप्लिकेट, नावात बदल, पत्त्यात बदल आणि रिन्यू. एक अर्ज, एक नंबर, एक फेरी. हे होतं हे मला कुणीच सांगितलं नव्हतं. तुमच्या घरात कुणाचं लायसन हरवलं असेल तर आधी मुदत बघा, मग काय काय एकत्र करायचं ते ठरवा.

कागद लागले ते असे: पोलिसांची गहाळ नोंद, आधार, पत्त्यासाठी लाइट बिल, नावासाठी विवाह नोंदणीचा दाखला. शिवाय चाळिशी ओलांडलेल्यांना रिन्यूसाठी डॉक्टरांचं प्रमाणपत्र, नमुना १-अ. नुसत्या डुप्लिकेटला ते लागत नाही. मी पूर्वी ज्यांच्या हाताखाली काम केलं त्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी ओळख म्हणून सही करून दिली नाही. तक्ता वाचायला लावला, एकेक डोळा झाकून, मग रंग ओळखायला लावले. उजव्या डोळ्याला शेवटची ओळ लागेना. त्यांनी चष्म्याचा नंबर काढून आणायला लावलं, त्यानंतरच सही केली. रात्री समोरून येणाऱ्या गाडीचे दिवे पसरट दिसतात ते पावसामुळे, असं मी दोन वर्षं समजत होते. मी स्वतः नर्स आहे, तरी हे मला त्या एका कागदामुळे कळलं. म्हणून हे प्रमाणपत्र 'मॅनेज' करू नका, डोळे खरंच तपासून घ्या.

विवाहाचा दाखला आमच्याकडे होता म्हणून निभावलं. नसेल तर आधी ते काम. लग्न कितीही जुनं असलं तरी नोंद करता येते, पण वेळ लागतो.

फी पोर्टलवरच भरली. रिन्यूचे २००, पत्ता बदलाचे २००, स्मार्ट कार्डाचे २००, अशी ही दरांची रीत आहे, त्यावर बाकीच्या कामांचे आणि पोस्टाचे. केंद्रातल्या मुलीचे दीडशे धरूनही एजंटाने मागितले त्याच्या निम्म्यापेक्षा कमी पैशांत सगळं झालं, आणि प्रत्येक रुपयाची पावती माझ्याकडे आहे.

मधल्या दिवसांत गाडी चालवायची कशी, हा प्रश्न होताच. पेशंट थांबत नाहीत. केंद्र सरकारच्या एम-परिवहन ॲपमध्ये लायसन नंबर आणि जन्मतारीख टाकून लायसन मोबाइलवर आलं. डिसेंबर २०१८ मध्ये केंद्राने राज्यांना कळवलेलं आहे की डिजिलॉकर किंवा एम-परिवहनमधलं लायसन मूळ कागदाइतकंच ग्राह्य धरायचं. अनंत चतुर्दशीच्या आदल्या संध्याकाळी बंदोबस्तात मला थांबवलंच. मी मोबाइल पुढे केला. ट्रॅफिकच्या ताईंनी स्क्रीन पाहिली, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "कार्ड हरवलंय का? लवकर काढून घ्या." एवढंच. मात्र झेरॉक्स दाखवून वेळ मारून न्यायचा प्रयत्न करू नका. झेरॉक्स म्हणजे लायसन नव्हे. आणि लायसन हरवणं म्हणजे विनालायसन असणंही नव्हे. लायसन असतंच, त्याचा कागद जवळ नसतो. माझ्या घरात हे समजवायला मला दोन दिवस लागले, कारण दंड पाच हजारांचा असं सगळ्यांनी ऐकलेलं. तो ज्यांनी लायसन काढलेलंच नाही त्यांना.

नाव बदलायचं असल्याने कागद घेऊन आरटीओत एकदा जावं लागलं, वेळ ठरवूनच. लायसन सांगलीचं असलं तरी सांगलीला जावं लागलं नाही, राहत्या जिल्ह्यात काम झालं. नंबर मात्र एमएच १० चाच राहिला, तो बदलत नाही. सव्वा तास लागला. खिडकीतल्या साहेबांनी दाखला आणि आधार ताडून पाहिलं आणि स्क्रीन थोडी वळवली. त्यावर माझा चोवीस वर्षांचा फोटो होता, दोन वेण्या पुढे घेतलेल्या. त्या दिवशी बाबांनीच वेण्या नीट करायला सांगितलं होतं. "हा बदलायचा ना?" साहेबांनी विचारलं. मी हो म्हटलं. कॅमेऱ्यात नवा फोटो काढला, पॅडवर सही घेतली.

मग त्यांनी विचारलं, कार्डावर मुलगी किंवा पत्नी म्हणून एक नाव येतं, ते वडिलांचं ठेवायचं की नवऱ्याचं? मी म्हटलं, वडिलांचं. त्यांनी काही न विचारता तसं ठेवलं.

कार्ड स्पीड पोस्टाने येतं. मेसेजमध्ये नंबर आला की त्यावर लक्ष ठेवा. पोस्टमन आले तेव्हा मी पेशंटकडे होते आणि घर बंद होतं. कार्ड कुणी घेतलं नाही तर ते आरटीओत परत जातं, म्हणून मी दुसऱ्याच दिवशी ओळखपत्र घेऊन पोस्टात गेले आणि घेऊन आले. दिवाळीला तीन दिवस होते. कार्ड कडक, मागे क्यूआर कोड, सासरचं आडनाव, कोल्हापूरचा पत्ता आणि पुढच्या दहा वर्षांची निश्चिंती. खालच्या ओळीत बाबांचं पूर्ण नाव.

सेवेला म्हणून मी पाचपैकी चार देते. नावं जुळत असतील तर खरोखर घरबसल्या होण्यासारखं काम आहे, एजंटाची गरज नाही. एक गुण राखून ठेवला, कारण लग्नानंतर नाव बदललेल्या बाईला कुठल्या खुणा एकत्र करायच्या हे सांगणारा मराठीतला एक साधा कागद कुठेतरी हवा. विवाह नोंदणी कार्यालयात दाखला देतानाच तो हातात ठेवला तर किती बरं होईल.

जुनं कार्ड कधी सापडलं तर ते आरटीओत जमा करायचं, दोन ठेवायची नसतात. नव्या कार्डाची झेरॉक्स मी न घडी घालता फाइलमध्ये ठेवली आहे आणि नंबर मुलीच्या मोबाइलमध्येही लिहून ठेवला आहे.

माझ्या जाऊबाईंचं लायसन हरवलेलं नाही, पण त्यावरही माहेरचंच नाव आहे. विवाह नोंदणीचा दाखला त्यांना आजऱ्याहून आणायचा आहे. सोमवारी मी ड्युटी दुपारनंतर घेतली आहे, सकाळी आम्ही दोघी जाऊन येतो.